केसॅकेइत्तो: फिनलंडचं दुधातलं उन्हाळी सूप घरी करताना

तुम्ही लिहिलंय की हेलसिंकीजवळच्या एस्पोतल्या फिनिश शेजारीणबाईंनी जूनमध्ये तुम्हाला केसॅकेइत्तो वाढलं, ते फार आवडलं म्हणून तुम्ही घरी करून पाहिलं. बटाटे, गाजर, फ्लॉवर, मटार सगळं एकदम दुधात घातलं, मीठ टाकलं आणि झाकण ठेवून अर्धा तास शिजवलं. दूध फाटलं, मटार करडे पडले, फ्लॉवरला उग्र वास आला. नेमकं बिघडलं कुठे, जिऱ्याची फोडणी दिली तर चालेल का, आणि पुण्याला आईकडे गेल्यावर हे करता येईल का, असे तुमचे तीन प्रश्न आहेत.

मी फिनलंडमधल्या तांपेरे शहरात बरीच वर्षं स्वयंपाकी म्हणून काम करते. आधी शाळेच्या स्वयंपाकघरात होते, आता दुपारचं जेवण देणाऱ्या एका छोट्या रेस्तराँमध्ये आहे. हे सूप मी शंभरेक लोकांसाठीही करते आणि घरी चौघांसाठीही, त्यामुळे जरा सविस्तर सांगते.

सगळ्यात महत्त्वाचं आधी. या सुपात भाज्या पाण्यात शिजतात आणि दूध शेवटी येतं. कोवळ्या भाज्या जेमतेम बुडतील एवढ्या पाण्यात, प्रत्येक भाजी तिच्या वेळेला घालायची, आणि सगळं शिजत आलं की दूध, लोणी, थोडी साय किंवा क्रीम घालून पाच मिनिटांत उतरवायचं. पाणी ओतून द्यायचं नाही, कारण भाज्यांची गोडी त्यातच उतरलेली असते. तुम्ही दूध पहिल्यापासून ठेवलंत, तिथेच बाकीचं सगळं ठरलं.

दूध फाटायचं कारण समजून घेतलंत तर पुढे कधी कृती बघावी लागणार नाही. दुधाचा पीएच, म्हणजे आंबटपणाचं माप (आकडा जितका कमी तितकं आंबट), साधारण ६.६ ते ६.७ असतो. थंड दूध चांगलं आंबट होऊन ४.६ च्या आसपास पोचलं की त्यातलं केसिन, म्हणजे दुधातलं मुख्य प्रथिन, साकळतं. पण दूध उकळत असेल तर इतकं आंबट व्हायची गरज नसते, थोडीशी आम्लताही पुरते. आणि भाज्या आपल्याला आंबट लागल्या नाहीत तरी बटाटा, गाजर, फ्लॉवर, फरसबी सगळ्यांचा रस थोडा आम्लधर्मीच असतो. पालकात ऑक्झॅलिक आम्ल असतं ते वेगळंच. अर्धा तास उकळताना ही आम्लं दुधात उतरत राहतात, त्यात सुरुवातीलाच मीठ पडलेलं, तळाशी दूध लागत असलेलं. मग ते फाटणारच. गुळाची खीर करताना आपण खीर थोडी निवल्यावर गूळ घालतो, ते याच कारणानं. इथेही तोच नियम उलट बाजूनं लावायचा: आम्लं आधी पाण्यात उतरू द्यायची, त्यातली काही वाफेबरोबर उडू द्यायची, आणि दुधाला त्यांच्या संगतीत कमीत कमी वेळ ठेवायचं.

मटार करडे पडण्याचं कारणही तेच आहे. हिरव्या रंगाच्या हरितद्रव्यात मधोमध मॅग्नेशियम असतं. आम्ल आणि उष्णता मिळाली की ते निघून जातं आणि रंग मळकट होतो. झाकण ठेवलं की उडून जाणारी आम्लं थेंब होऊन परत भांड्यात पडतात. म्हणून हिरवी भाजी पडली की झाकण काढायचं, आणि सात-आठ मिनिटांच्या पुढे ती आचेवर राहू द्यायची नाही. मटारला तर दोन मिनिटं पुष्कळ झाली. फ्लॉवरचा उग्र वास म्हणजे त्यातल्या गंधकयुक्त घटकांचा वास. फ्लॉवर जितका जास्त शिजेल तितका तो वाढतो. पाच-सहा मिनिटांत काढलेला फ्लॉवर गोड आणि थोडा बदामी लागतो. अर्ध्या तासाच्या फ्लॉवरला वाचवायला कुठलाही मसाला पुरत नाही.

आता भाज्या. या सुपात मसाला जवळजवळ नाही, म्हणून भाजीच सगळं काम करते. फिनलंडमध्ये हे सूप जूनच्या मध्यापासून ऑगस्टपर्यंत करतात, त्याचं कारण परंपरेपेक्षा शेतात जास्त आहे. दक्षिण फिनलंडमध्ये जूनच्या अखेरीस दिवस जवळपास एकोणीस तासांचा असतो, भाज्या झपाट्यानं वाढतात आणि कोवळ्या असतानाच काढल्या जातात. युहान्नुस, म्हणजे २० ते २६ जूनच्या दरम्यान येणारा शनिवार, हा इथला उन्हाळ्याचा मोठा सण. त्या आठवड्यात पानात नवे बटाटे हवेतच, असं इथल्या प्रत्येक घराला वाटतं. पहिले बटाटे नैर्ऋत्येकडच्या किनाऱ्यावरून येतात. तुर्कूजवळच्या रुमॅत्तुलॅ बेटाचं नाव त्यासाठी सगळ्यांना माहीत आहे.

नवा बटाटा म्हणजे लहान बटाटा नव्हे, हे आवर्जून सांगते. नव्या बटाट्याची साल इतकी पातळ असते की अंगठ्यानं घासली तर सुटते. त्यात स्टार्च कमी आणि पाणी जास्त असतं, म्हणून तो शिजला तरी फुटत नाही, कापलेल्या कडा तशाच राहतात. पिठूळ जुना बटाटा घातलात तर कडा विरघळतात आणि सूप गढूळ होतं. सुपरमार्केटमधून घेणार असाल तर फिनिश बटाट्याच्या पिशव्यांवरचा रंग बघा: हिरवा म्हणजे घट्ट राहणारा, पिवळा म्हणजे सगळ्याला चालणारा, लाल म्हणजे पिठूळ. सुपाला हिरवा. वाणांमध्ये तिमो लवकर येणारा आहे, सीक्ली पिवळसर आणि घट्ट. दोन्ही चांगले, पण सीक्ली मिळाला तर मी तोच घेते. साल काढू नका. वाहत्या पाण्याखाली कडक ब्रशनं घासा, जेवढी साल निघेल तेवढी निघू दे, राहील ती राहू दे.

शक्य असेल तर तोरीवर जा, म्हणजे चौकातल्या बाजारात. तुम्हाला हेलसिंकीचं हाकानिएमी जवळ पडेल, मी इथल्या लाउकोन्तोरीला जाते. तिथे बटाटे, मटार आणि स्ट्रॉबेरी वजनावर न विकता लिटरच्या मापानं विकतात. नव्यानं आलेल्या माणसाला सुरुवातीला अंदाज येत नाही. एक लिटर बटाटे म्हणजे साधारण साडेसहाशे ग्रॅम. मटाराची शेंग घेताना एक दाणा तिथेच खाऊन बघा, इथे सगळे तसंच करतात आणि विकणाऱ्यालाही त्यात काही वावगं वाटत नाही. मटार तोडल्याक्षणापासून त्यातली साखर स्टार्चमध्ये बदलायला लागते. सकाळी तोडलेला आणि तीन दिवस दुकानात पडलेला मटार या दोन वेगळ्या भाज्या आहेत. ताजा मिळाला नाही तर गोठवलेला घ्या, बिनदिक्कत घ्या. तो तोडल्यावर काही तासांत वाफवून गोठवलेला असतो आणि शिळ्या शेंगांपेक्षा कितीतरी गोड लागतो. फक्त तो आधीच अर्धा शिजलेला आहे हे लक्षात ठेवून अगदी शेवटी घाला.

सोललेल्या शेंगांची टरफलं टाकू नका. माझ्या मते घरच्या सुपाला चव येते ती इथून. टरफलं धुऊन, चिरडून, पाऊण लिटर पाण्यात पंधरा-वीस मिनिटं मंद उकळायची. जमलं तर शेपूचे जाड देठही त्यातच. मग गाळून टरफलं दाबून पिळून घ्यायची. फिकट हिरवट, गोडसर पाणी मिळतं आणि ते सुपाला आधार देतं. इथली बहुतेक घरं याऐवजी भाजीच्या रश्श्याची वडी टाकतात. सोय म्हणून मी समजू शकते, पण त्या वडीत मीठ आणि सेलरी इतकी असते की प्रत्येक सूप एकाच चवीचं होतं, आणि ज्या बटाट्यासाठी तुम्ही बाजारात गेलात तो कुठेच सापडत नाही. टरफलं नसतील तर साधं पाणी वापरा. वडीपेक्षा साधं पाणी चांगलं.

चौघांना पुरेल असं माप सांगते. फिनिश कृतींमध्ये सगळं डेसिलिटरमध्ये असतं, एक डेसिलिटर म्हणजे शंभर मिली. तुमच्या घरात मापाच्या चमच्यांचा जुडगा आला असेलच, त्यात सगळ्यात मोठं माप तेच. शेंगांचं पाणी किंवा साधं पाणी पाच डेसिलिटर, नवे बटाटे चारशे ग्रॅम, कोवळी गाजरं दोनशे ग्रॅम, फ्लॉवर पावकिलो, फरसबी किंवा सालासकट खायच्या गोड शेंगा शंभर ग्रॅम, सोललेले मटार दोन डेसिलिटर, पातीचा एक कांदा, हवा तर मूठभर पालक. दूध पाच डेसिलिटर, क्रीम एक डेसिलिटर, मैदा दोन मोठे चमचे, लोणी दोन मोठे चमचे. मीठ दीड लहान चमचा, साखर चिमूटभर, पांढऱ्या मिरीची पूड, आणि भरपूर बारीक चिरलेली शेपू किंवा पार्सली. यातली एखादी भाजी नसली तरी बिघडत नाही. नवलकोल कोवळा असेल तर तो मला फ्लॉवरइतकाच आवडतो. लवकर येणारा कोवळा कोबीही चालतो. बटाटा फिनलंडमध्ये अठराव्या शतकात आला, त्याआधी इथल्या लोकांचं मूळ कंद म्हणजे शलगम. आजही उन्हाळ्यातला छोटा गोड शलगम या सुपात छान बसतो. वांगं, भोपळी मिरची, टोमॅटो मात्र नको. टोमॅटो दूध फाडतो, आणि बाकीच्या दोघांचा वास या सुपाच्या स्वभावाचा नाही.

दुधाबद्दल. पूर्ण दूध घ्या, ३.५ टक्के फॅटचं, इथे त्याला तॅय्समाइतो म्हणतात. फॅट काढलेलं दूध पातळ लागतं आणि फाटतंही लवकर. घरात लॅक्टोज चालत नसेल तर लॅक्टोजमुक्त दूध निर्धास्त वापरा. वालिओ या फिनिश दूध कंपनीनं २००१ मध्ये ते बाजारात आणलं, तेव्हा दुधातली थोडी साखर आधीच काढून टाकायची पद्धत वापरली, म्हणून त्याची चव नेहमीच्या दुधासारखी लागते. कमी लॅक्टोजचं जे जुन्या पद्धतीचं दूध मिळतं ते मात्र जरा गोड असतं, कारण त्यात लॅक्टोज तुटून ग्लुकोज आणि गॅलॅक्टोज होतं. ते घेतलंत तर चिमूटभर साखर वगळा. ओटचं पेय वापरणारेही आता बरेच आहेत. त्यात केसिन नसल्यामुळे फाटायचा प्रश्न येत नाही, पण ओटचा स्टार्च दाटपणा आणतो, म्हणून मैदा निम्मा करा आणि लोण्याऐवजी चांगलं रेपसीड तेल घ्या. क्रीममध्ये स्वयंपाकाचं क्रीम, रुओकाकेर्मा, आचेवर टिकण्यासाठीच बनवलेलं असतं. फेटायचं जाड क्रीम, कुओहुकेर्मा, चवीला जास्त चांगलं, आणि त्यात फॅट जास्त व प्रथिनं कमी असल्यामुळे तेही सहजासहजी फाटत नाही.

आता प्रत्यक्ष कृती. जाड बुडाचं रुंद भांडं घ्या. पाणी उकळलं की बटाटे टाका, दोन सेंटीमीटरच्या फोडी करून, अगदी लहान असतील तर नुसते अर्धे. मिठातलं अर्धं आत्ता घाला, कारण बटाट्याला आतून मीठ लागायला हवं. पाण्यात घातलेलं एवढं मीठ दुधाला त्रास देत नाही. झाकण ठेवून मंद आचेवर पाच मिनिटं. मग गाजराच्या चकत्या, अर्ध्या सेंटीमीटरच्या. आणखी तीन-चार मिनिटांनी फ्लॉवरचे छोटे तुरे आणि फरसबी, आणि इथून पुढे झाकण काढायचं. पाणी भाज्यांच्या वर यायला नको, जेमतेम बरोबरीनं असावं. जास्त वाटलं तर वाटीभर काढून बाजूला ठेवा, नंतर लागेल तसं घाला. फ्लॉवर पडून पाच मिनिटं झाली की एक बटाटा सुरीनं टोचून बघा. सुरी आत जाताना थोडा विरोध जाणवला पाहिजे. पूर्ण मऊ व्हायची वाट बघू नका, दूध घातल्यावरही तो शिजणारच आहे.

तोपर्यंत दुसरीकडे तयारी हवी. एक डेसिलिटर थंड दुधात मैदा गुठळ्या न होऊ देता कालवून ठेवा. उरलेलं दूध वेगळ्या भांड्यात गरम करा, उकळू नका, कडेनं बुडबुडे दिसायला लागले की पुरे. थंड दूध एकदम ओतलं तर भाज्यांचं शिजणं थांबतं आणि सूप पुन्हा तापेपर्यंत फरसबीचा रंग जातो. आधी मैद्याचं दूध बारीक धारेनं भाज्यांत ओता, लाकडी उलथन्यानं तळापासून हलक्या हातानं ढवळत. मग गरम दूध. पृष्ठभाग नुसता थरथरला पाहिजे, खळखळ उकळी नको. मैद्याचा कच्चा वास जायला चार-पाच मिनिटं लागतात. यातल्या शेवटच्या दोन मिनिटांत मटार आणि कांद्याची पात. मग क्रीम, लोणी, साखर, मिरपूड, उरलेलं मीठ चाखून. पालक बारीक चिरून अगदी शेवटी, नुसता मिटेपर्यंत. आच बंद करा आणि शेपू आत्ता घाला.

फिनलंडमधल्या भाड्याच्या घरांत बहुतेक काचेची किंवा लोखंडी तव्याची विजेची शेगडी असते. ती बंद केल्यावरही बराच वेळ तापलेली राहते. म्हणून नुसतं बटण बंद करून भागत नाही, भांडं उचलून थंड जागेवर ठेवायला हवं. भारतात गॅसवर हात बसलेल्या माणसाचं दूध इथेच फाटतं, असं मी अनेकदा पाहिलंय.

मैद्यामुळे दूध सांभाळलं जातं, कारण स्टार्च केसिनच्या कणांना एकमेकांना चिकटू देत नाही. म्हणून पहिल्यांदा करताना मैदा वगळू नका. हात बसला की मैदा निम्मा करून बघा, किंवा जुन्या पद्धतीनं अंड्याच्या पिवळ्या बलकावर सूप बांधा. दोन बलक क्रीममध्ये फेटायचे, त्यात पळीभर गरम सूप हळूहळू मिसळायचं आणि मग भांडं आचेवरून उतरवून हे मिश्रण परत त्यात घालायचं. ऐंशी अंशांच्या वर जाऊ द्यायचं नाही, नाहीतर बलकाचे कण होतात. सूप रेशमी होतं, रंग लोण्यासारखा येतो. सणाला मी तेच करते. रोजच्या जेवणाला मैदा.

शेजारीणबाईंकडे सूप आवडलं, पण तुमच्या ऑफिसमधल्या फिनिश मंडळींपुढे नाव काढलं की कुणीतरी तोंड वाकडं करेल. त्याचं कारण शाळा. फिनलंडमध्ये शाळेत सगळ्या मुलांना मोफत जेवण द्यायचा कायदा १९४३ मध्ये झाला आणि पाच वर्षांच्या मुदतीनंतर १९४८ पासून तो सगळ्या प्राथमिक शाळांना लागू झाला. युद्धाचे आणि टंचाईचे दिवस होते. मुलांनी शाळेच्या स्वयंपाकघरासाठी फावल्या वेळात भाजीपाला पिकवावा, रानातून बेरी गोळा करावी, अशी तरतूद त्या कायद्यात होती. जेवण म्हणजे मुख्यतः सूप आणि लापशी. एवढ्या सगळ्या मुलांना रोज गरम अन्न मिळावं हा विचार मला फार मोठा वाटतो आणि त्या व्यवस्थेत काम केल्याचा मला अभिमान आहे. पण केसॅकेइत्तो हे मोठ्या भांड्याला न मानवणारं सूप आहे. गरम वाढायचं अन्न साठ अंशांच्या खाली जाऊ द्यायचं नाही असा इथला नियम आहे, आणि तो योग्यच आहे. पण पहिल्या पंगतीपासून शेवटच्या पंगतीपर्यंत साठ-सत्तर अंशांवर उभं राहिलेल्या सुपात फ्लॉवर शिजतच राहतो, मटार करडे होतात, वर साय धरते. अनेक फिनिश माणसांना आठवतं ते हे सूप.

शाळेत आम्ही त्यावर उपाय म्हणून दुधाचा भाग आणि भाज्या वेगळ्या ठेवायचो आणि थोड्या थोड्या मुलांसाठी शेवटच्या क्षणी एकत्र करायचो. घरी तुम्हाला हे करायची वेळ पाहुणे मागे-पुढे येणार असतील तेव्हा येईल. बटाटे, गाजर, फ्लॉवर पाण्यात जेमतेम शिजवून ठेवा, दूध-मैदा वेगळा तयार ठेवा, आणि मंडळी बसली की दहा मिनिटांत सूप पुरं करा. इथे पाच लाखांहून जास्त मोक्की आहेत, म्हणजे तळ्याकाठची उन्हाळी घरं. तिथे सौना, म्हणजे गरम वाफेचं स्नान, संपवून लोक केव्हा जेवायला येतील ते कुणालाच सांगता येत नसतं, म्हणून तिथल्या गृहिणी हे असंच करतात.

फोडणीचा प्रश्न. मी मोकळेपणानं सांगते, नका देऊ. मला जिरं आवडतं, माझ्या घरात रोज वरण फोडणीला पडतं. पण या सुपात जिरं पडलं की जिऱ्याचंच सूप होतं. त्यातली चव फार हलकी आहे: मटाराची गोडी, नव्या बटाट्याचा मातीचा वास, दूध, लोणी. या सगळ्याला ऐकू येण्याएवढी शांतता लागते. तिखटपणा हवा असेल तर पांढरी मिरी थोडी वाढवा. काळी मिरी चालेल, तिचे ठिपके दिसतील एवढंच. जायफळ अगदी किंचित, एकदा किसणीवर फिरवून, मला आवडतं, पण शेपूबरोबर नको, पार्सलीबरोबर. लिंबू पिळू नका. घरातल्या कुणाला हे अळणी वाटत असेल तर पहिला संशय मिठावर घ्या. दूध आणि बटाटा दोघंही मीठ दाबून टाकतात, त्यामुळे भाज्यांच्या पाण्यात बरोबर वाटलेलं मीठ दूध पडल्यावर कमी लागतं. शेवटी चाखून पुन्हा मीठ घातल्याशिवाय फोडणीकडे वळू नका.

सोबत राय नावाच्या धान्याचा ब्रेड हवाच (आपली मोहरीची राई नव्हे). मधे भोक असलेला आंबूस काळा रायचा ब्रेड आणि त्यावर जाड लोणी. सूप गोडसर, ब्रेड आंबट, आणि आंबट चव भांड्यात न जाता तोंडात सुपाला भेटते. चीजचे काप, उकडलेलं अंडं ठेवलं की पूर्ण जेवण होतं. नंतर स्ट्रॉबेरी, त्यासाठी नावाजलेल्या सुओनेन्योकी गावच्या मिळाल्या तर त्याच.

पुण्याचं म्हणाल तर नक्की होईल, फक्त उन्हाळ्यात नाही. एप्रिल-मे मध्ये तिथे मटार आणि फ्लॉवर दोन्ही निबर असतात. डिसेंबर ते फेब्रुवारी हा तिथला योग्य काळ, तेव्हा मंडईत कोवळा मटार, फ्लॉवर, गाजर, नवलकोल, शेपू सगळं एकाच वेळी मिळतं. पावसाळ्याच्या शेवटी पुरंदरचा मटार येतो, त्यावरही छान होतं. गाजर केशरी, उटीचं म्हणतात ते घ्या. लाल गाजर जास्त गोड आणि रसाळ असतं, ते हलव्याला राखून ठेवा. बटाटा नवा, पातळ सालीचा, आणि चिप्ससाठी विकतात तो पिठूळ मुळीच नको. कुकर लावू नका. एका शिट्टीत सगळं संपेल.

आईकडे म्हशीचं दूध येत असेल तर तीन भाग दुधाला एक ते दीड भाग भाज्यांचं पाणी जास्त धरा आणि क्रीम वगळा. म्हशीच्या दुधात फॅट सहा-सात टक्के असतं, प्रथिनंही जास्त असतात. ते तसंच वापरलं तर सूप बासुंदीकडे झुकतं. गाईचं दूध असेल तर वरचं माप तसंच. तापवून ठेवलेलं, पण त्याच दिवसाचं दूध हवं. आदल्या दिवसाचं दूध चहाला चालतं, इथे मात्र थोडं आंबूस झालेलं असलं तरी भाज्यांबरोबर दगा देतं. मैद्याऐवजी कणीक घालू नका, सूप राखी दिसतं आणि गव्हाची चव वर येते. तांदळाचं पीठ चालेल, दीड चमचा. घरचं ताजं लोणी असेल तर ते जरूर घाला, फक्त ते ताकाचा अंश पूर्ण धुऊन काढलेलं असू दे. ताक राहिलं तर पुन्हा आम्ल आलं. आणि आपल्याकडची शेपू इथल्यापेक्षा वासाला कडक असते, तेव्हा इथे घालता त्याच्या एक तृतीयांशावर थांबा आणि देठ घेऊ नका. कोथिंबीर घातली तर वाईट लागत नाही, पण सुपाचा देश बदलतो.

इथे मे-जूनमध्ये रानात कोवळी नेटल उगवते, अंगाला लागली की आग करणारी ती पालेभाजी. शेजारीणबाई तुम्हाला ती गोळा करायला नेतील तेव्हा हातमोजे घालून वरची चार-सहा पानंच खुडा, उकळत्या पाण्यात मिनिटभर बुडवून, पिळून, बारीक चिरून पालकाच्या जागी घाला. बुडवल्यावर आग जाते. पालकापेक्षा तिची चव खोल आहे आणि दुधाला ती फार छान लागते.

उरलं तर फ्रिजमध्ये दोन दिवस राहतं. दाट होतं, म्हणून तापवताना थोडं दूध घाला, मंद आचेवर ठेवा आणि उकळी येऊ देऊ नका. बलकाचं सूप असेल तर पाण्याच्या भांड्यात ठेवून तापवा. फ्रीझरमध्ये टाकू नका, बटाटा रवाळ आणि पाणचट होतो. पुढच्या वेळी जास्त करायचं असेल तर टरफलांचं पाणी तेवढं जास्त करून गोठवा. जूनमध्ये चार-पाच डबे केलेत तर ऑगस्ट संपेपर्यंत पुरतील, आणि दर वेळी सूप करायला अर्धा तासही लागणार नाही.